भारतीय थडगे आणि स्पर्शाचे भय

भय ही माणसाची सर्वांत जुनी भावना आहे, असे मानसशास्त्राची पुस्तके सांगतात. ते खरे असेलही. पण कोणाला कशाचे भय वाटावे, हे मात्र समाज ठरवत असतो. गावकुसाच्या आत राहणाऱ्याला वेशीबाहेरच्या चिंचेखाली रात्री भूत दिसते. त्याच चिंचेच्या सावलीत ज्याची झोपडी आहे त्याला ते भूत कधीच दिसत नाही. त्याला दिसतो तो पहाटे दारात येऊन हाक मारणारा मालगुजाराचा माणूस. आमच्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरते, रात्रभर नाटक चालते. त्यात भूत आले की लोक हसतात, पण सावकार वही उघडून बसला की तेच प्रेक्षक गप्प होतात. तेव्हा भयपटाची चर्चा ही केवळ करमणुकीची चर्चा नसते. एखादा समाज कोणाला घाबरतो आणि कोणाला घाबरवतो, हे त्याच्या भयकथांतून स्वच्छ दिसते. या दृष्टीने एका विस्मृतीत गेलेल्या जर्मन मूकपटाकडे पाहावे असे मला वाटते. त्याला कारण आहे. हा चित्रपट आपल्या देशाविषयी आहे, आणि त्याची कथा लिहिणारी बाई पुढे एका मराठी माणसाची बायको झाली.

चित्रपटाचे नाव 'दास इंडिशे ग्राबमाल', म्हणजे 'भारतीय थडगे'. तो १९२१ च्या ऑक्टोबर आणि नोव्हेंबर महिन्यांत बर्लिनमध्ये दोन भागांत प्रदर्शित झाला. पहिल्या भागाचे नाव 'योग्याची कामगिरी' आणि दुसऱ्याचे 'एश्नापूरचा वाघ'. दोन्ही मिळून लांबी सुमारे साडेतीन तास. दिग्दर्शक जो मे. पटकथा थेआ फॉन हार्बू आणि फ्रित्झ लांग या दोघांची. मूळ कादंबरी हार्बूबाईंची, १९१८ सालची. जर्मन मूकपट म्हटले की आपल्याकडचे अभ्यासक 'कॅलिगारी' (१९२०), 'गोलेम' (१९२०), 'नोस्फेरातू' (१९२२) ही नावे घेतात. वाकड्या भिंती, लांबलचक सावल्या, झोपेत खून करणारा माणूस, रक्त पिणारा सरदार यांची चर्चा होते. 'भारतीय थडगे' या यादीत सहसा येत नाही. काही जण त्याला साहसपट म्हणून बाजूला सारतात. पण त्यात जिवंत पुरलेला माणूस आहे, शाप आहे, झडलेल्या बोटांच्या रोग्यांचा कोंडवाडा आहे, माणूस खाणारे वाघ आहेत आणि जिवंत बाईसाठी बांधायची कबर आहे. याला भयपट म्हणायचे नाही तर कशाला म्हणायचे?

कथा अशी. बंगालचा म्हणून दाखवलेला महाराजा अयान आपल्या माणसांकरवी जमिनीत पुरून घेतलेल्या रामिगानी नावाच्या योग्याला बाहेर काढतो. नियम असा की, समाधीतून योग्याला जो उठवील त्याची एक इच्छा योग्याने पुरी केलीच पाहिजे. अयानला इंग्लंडमधला हर्बर्ट रोलँड नावाचा वास्तुशिल्पी हवा आहे. योगी क्षणार्धात त्याच्या अभ्यासिकेत प्रकट होतो आणि त्याला एश्नापूरला घेऊन येतो. ताजमहालाच्या तोडीची कबर बांधायची, या मोहाने रोलँड आपल्या वाग्दत्त वधूलाही न सांगता निघतो. इथे आल्यावर त्याला कळते की, ज्या राणीसाठी कबर बांधायची ती राणी सावित्री जिवंत आहे. ती एका इंग्रज अधिकाऱ्याच्या प्रेमात पडली, म्हणून अयानच्या लेखी तिचे प्रेम मेले आहे आणि त्या मेलेल्या प्रेमाला थडगे हवे आहे. पुढे रोलँड तपस्व्यांच्या जागेत शिरतो, त्यांच्यापैकी एकाचा शाप घेतो आणि त्याला कुष्ठरोग होतो. इंग्रज अधिकारी वाघांच्या तोंडी जातो. राणीची दासी मिर्या आपल्या मालकिणीला मदत करताना प्राणाला मुकते. शेवटी दोरीच्या पुलावर पाठलाग होतो, सावित्री दरीत उडी घेते आणि कबरीला अखेर प्रेत मिळते. महाराजा राज्य सोडून त्या कबरीच्या दाराशी तपस्वी होऊन बसतो.

अयानची भूमिका कॉनराड फाइट या नटाने केली आहे. 'कॅलिगारी'मधला झोपेत चालणारा सेझारे तोच. तो भुवई उचलतो तेवढ्याने पडद्यावरची हवा थंड होते. त्याचा अयान क्रूर आहे, पण आतून जळालेला आहे, आणि फाइटने हे दुःख ज्या संथपणे दाखवले आहे त्याला तोड नाही. योग्याचे काम करणाऱ्या बर्नहार्ड गोएट्झकेने त्याच वर्षी लांगच्या दुसऱ्या चित्रपटात साक्षात मृत्यूची भूमिका केली होती. तोच दगडी चेहरा इथेही आहे. कलेच्या अंगाने चित्रपट टाकाऊ नाही. म्हणूनच तो तपासला पाहिजे, कारण सामान्य कलाकृती सामान्य खोटे बोलते आणि चांगली कलाकृती आपले खोटे पिढ्यान्‌पिढ्या टिकवून धरते.

आता पहिला प्रश्न. हे थडगे बांधतो कोण?

साडेतीन तासांत आपण वास्तुशिल्पी पाहतो, त्याचे नकाशे पाहतो, महाराजाचे स्वप्न पाहतो. दगड फोडणारा, चुना मळणारा, डोक्यावर पाटी घेऊन पायऱ्या चढणारा माणूस या कथेत पात्र म्हणून नाही. गर्दी आहे, पण ती दंडवत घालणाऱ्यांची आहे. जणू थडगे ही नकाशा काढल्याबरोबर जमिनीतून उगवणारी वस्तू असावी. प्रत्यक्षात हा सगळा 'भारत' बर्लिनजवळच्या वोल्टर्सडोर्फ येथे उभारला होता: मंदिरे, महाल, जिने, प्रांगणे. त्यासाठी भारतात कोणी पाऊल टाकले नाही. ज्या जर्मन सुतारांनी आणि गवंड्यांनी युद्धानंतरच्या उपासमारीच्या काळात ते लाकूड आणि प्लास्टर उभे केले, त्यांचीही नावे कोणी लिहून ठेवली नाहीत. पडद्यावरचा मजूर आणि पडद्यामागचा मजूर दोघेही एकाच वेळी अदृश्य झाले.

गोंदिया जिल्ह्यातल्या वाचकाला हे नवीन नाही. नवेगावबांधचा विस्तीर्ण तलाव आपण सर्वांनी पाहिलेला आहे. अठराव्या शतकात कोलू पाटील कोहळी याने तो बांधला असे परंपरा सांगते. त्याचा पुढे कोलासूर देव झाला, त्याचे ठाणे झाले. कोहळी समाजाचे तलाव बांधण्याचे कसब खरोखरच अजोड होते आणि धानाची ही सगळी पट्टी त्या तलावांवर जगली, याबद्दल दुमत नाही. पण त्या पाळीवर माती टाकणारे हजारो हात कोणाचे होते? त्यांच्यातला एकही देव झाला नाही. निर्मितीचा मान नकाशा काढणाराला आणि पुण्य पैसा देणाराला, ही वाटणी एश्नापुरात आहे तशीच आपल्याकडे आहे. फरक इतकाच की, जर्मन लेखिकेला भारताची माहिती नव्हती. आपल्या इतिहासकारांना ती सबब नाही.

वाघाचेही असेच. चित्रपटातला वाघ हा राजाच्या सूडाचे हत्यार आहे. खड्ड्यात वाघ पाळायचे आणि शत्रू त्यांच्या पुढे टाकायचा. नागझिऱ्याच्या कडेला राहणाऱ्या माणसाला वाघ असा भेटत नाही. तो एप्रिल-मेमध्ये मोहफुले आणि तेंदूपत्ता वेचायला पहाटे जंगलात जाणाऱ्या बाईला भेटतो, आणि तिथे सूडबुद्धी वगैरे काही नसते. पोटासाठी जंगलात गेलेल्या दोन जिवांची ती गाठ असते.

पण या चित्रपटाचे खरे भय वाघात नाही, सापात नाही, योग्यातही नाही. ते कुष्ठरोग्यांच्या कोंडवाड्यात आहे. रोलँड आपल्या छातीवरचा डाग पाहतो तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर जे येते ते मरणाचे भय नव्हे. मरणापुढे तो ताठ उभा राहिला असता. हे भय माणसांतून उठवले जाण्याचे आहे. कालपर्यंत ज्याच्याशी हात मिळवला तो आज हात मागे घेईल, वाग्दत्त वधूने आपल्याला शिवू नये, ज्यांच्याकडे आपण नाक दाबून पाहिले त्यांच्यातच आपल्याला बसवले जाईल. एका गोऱ्या, सुशिक्षित, सुखवस्तू इंग्रजाला पडद्यावर काही मिनिटांपुरते अस्पृश्य केले जाते, आणि युरोपच्या प्रेक्षकाला त्याने घाम फुटतो. ज्या गोष्टीने बर्लिनच्या प्रेक्षकाचा थरकाप उडाला ती गोष्ट १९२१ साली या देशातल्या कोट्यवधी माणसांची रोजची दिनचर्या होती. त्यांना कोणताही शाप लागलेला नव्हता, कातडीवर कसलाही डाग नव्हता. आणि त्यांना बरे करणारा योगीही नव्हता. चित्रपटात रोलँड बरा होतो, कारण तो नायक आहे. कोंडवाड्यातले बाकीचे रोगी तिथेच राहतात. त्यांच्याकडे कॅमेरा पुन्हा वळून पाहत नाही.

इथे एक गोष्ट नमूद करायला हवी. कुष्ठरोग शापाने होत नाही, जंतूने होतो, हे नॉर्वेच्या हान्सेनने १८७३ मध्येच दाखवून दिले होते. म्हणजे चित्रपट निघाला तेव्हा त्या शोधाला जवळजवळ अर्धशतक लोटले होते. युरोपातला विज्ञानवादी प्रेक्षक आपल्या घरी जंतू मानत होता आणि भारत पाहायला बसला की शाप मानत होता. पण नुसता त्याला दोष देऊन भागणार नाही. आपल्याकडे ब्रिटिशांनी १८९८ साली कुष्ठरोग्यांना अटकाव करणारा कायदा केला, आणि स्वतंत्र भारताने तो २०१६ पर्यंत पुस्तकात ठेवला. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या पट्ट्यात या रोगाचे प्रमाण राज्याच्या सरासरीपेक्षा अधिक राहत आले आहे. बहुविध औषधांचा उपचार १९८० नंतर आला, रोग पूर्ण बरा होऊ लागला, तरी रोग्याची थाळी वेगळी ठेवणारी घरे आजही आहेत. औषध जंतूवर चालते, विटाळावर चालत नाही.

बाबा आमटे यांची हकीकत पुष्कळांना ठाऊक असेल. वरोऱ्याला मैला वाहणाऱ्यांच्या बरोबरीने ते स्वतः टोपली उचलत असत. त्या काळात तुळशीराम नावाचा कुष्ठरोगी त्यांना रस्त्याच्या कडेला मरणोन्मुख पडलेला दिसला आणि ते भिऊन पळाले. मैल्याला न भिणारा माणूस रोग्याला भ्याला. त्या भीतीची लाज वाटून ते परत फिरले आणि पुढे आनंदवन उभे राहिले. त्याच्याही अर्धशतक आधी, १८९७ मध्ये, प्लेगच्या साथीत सावित्रीबाई फुले यांनी मुंढव्याच्या महारवाड्यातले प्लेगने फणफणलेले पोर पाठीवर घेतले, आणि त्याच साथीत १० मार्च रोजी त्या गेल्या. हार्बूबाईंनी आपल्या राणीला सावित्री हे नाव दिले ते पुराणातल्या पतिव्रतेवरून, आणि तिला नवऱ्याने जिवंतपणीच मृत ठरवले. त्यांना दुसरी सावित्री ठाऊक असण्याचे कारण नव्हते. आपल्याला मात्र तो पडदा पाहताना ती आठवल्याशिवाय राहत नाही.

रोगी हा पाहण्याचा विषय करणे ही गोष्ट केवळ भयपटाची नाही. १९२५ साली म्युनिकचे एमेल्का स्टुडिओवाले आणि हिमांशु रॉय यांनी मिळून 'प्रेमसंन्यास' हा बुद्धचरित्रावरचा मूकपट काढला. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, छायाचित्रणात योझेफ विर्शिंग. या वेळी जर्मन मंडळी खरोखर भारतात आली आणि जयपूरच्या बाजूला चित्रीकरण झाले. त्या चित्रपटात एडविन अर्नोल्डच्या काव्यानुसार सिद्धार्थाला म्हातारा, रोगी आणि प्रेत दिसते आणि त्याचे मन संसारावरून उडते. म्हणजे तिथेही रोगी हा राजपुत्राच्या वैराग्याचे निमित्त, त्याला स्वतःचे काही म्हणणे नाही. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्याचा धम्म' (१९५७) या ग्रंथात ही दृश्यांची कथा नाकारली. एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर म्हातारा किंवा आजारी माणूस पाहिलाच नव्हता हे बुद्धीला पटत नाही, असे त्यांनी म्हटले, आणि गृहत्यागाचे कारण रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य आणि कोलीय यांच्यात झालेल्या भांडणात शोधले. या बदलाचे महत्त्व पुष्कळदा केवळ ऐतिहासिक चिकित्सेपुरते मानले जाते. मला त्यात आणखी काही दिसते. किळस आणि भय यांतून जन्मणारे वैराग्य बाबासाहेबांनी बाजूला सारले आणि त्या जागी पाण्याच्या हक्काचा प्रश्न ठेवला. चवदार तळ्याचा सत्याग्रह करणाऱ्या माणसालाच हे सुचू शकते.

योग्याविषयी थोडेच सांगतो. युरोपात जिवंत समाधी घेणाऱ्या फकिरांच्या कथा रणजितसिंहाच्या दरबारापासून पसरल्या होत्या. त्यांतूनच हा रामिगानी आला असावा. तो सर्वशक्तिमान आहे, दुसऱ्याच्या मनातले ओळखतो, भिंतीतून जातो. पण जो त्याला उठवतो त्याचा तो हुकमाचा ताबेदार. धर्माची सर्व गूढ शक्ती आणि ती वापरणार कोण, तर राजा. लेखिकेला आपण काय लिहून गेलो याची कल्पना नसावी. परंतु जोतिरावांनी धर्मसत्ता आणि राजसत्ता यांच्या ज्या संगनमतावर आयुष्यभर बोट ठेवले, त्याचे इतके नेमके चित्र या परक्या चित्रपटात अनवधानाने उतरले आहे.

चित्रपट बर्लिनमध्ये चालू होता त्या सुमाराला युरोपात एक खरा भारतीय होता. १९२० ते १९२३ या काळात डॉ. आंबेडकर लंडनमध्ये अर्थशास्त्राचे अध्ययन करीत होते. १९२१ मध्ये त्यांनी एम.एस्सी. केले, १९२३ मध्ये डी.एस्सी. आणि मध्यंतरी जर्मनीतल्या बॉन विद्यापीठातही नाव दाखल केले होते. त्यांनी हा चित्रपट पाहिला असे मला मुळीच सुचवायचे नाही. पण जर्मनीच्या पडद्यावर भारत म्हणजे योगी आणि वाघ असताना त्याच खंडात एका ग्रंथालयात बसून एक अस्पृश्य विद्यार्थी रुपयाचा प्रश्न सोडवत होता, हे ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.

आता मराठी माणसाकडे येऊ. बेळगावजवळच्या बेळगुंदी गावचे अयी तेंडुलकर १९२० नंतरच्या दशकात शिकण्यासाठी युरोपात गेले, जर्मनीत राहिले, तिथल्या वृत्तपत्रांतून लिहू लागले. बर्लिनमध्ये त्यांची आणि थेआ फॉन हार्बू यांची गाठ पडली. हार्बू तेव्हा फ्रित्झ लांगची पत्नी आणि 'मेट्रोपोलिस' (१९२७), 'एम' (१९३१) अशा चित्रपटांची लेखिका म्हणून देशभर प्रसिद्ध होत्या. तेंडुलकर त्यांच्याहून सतरा-अठरा वर्षांनी लहान. १९३३ मध्ये लांग आणि हार्बू विभक्त झाले. त्याच वर्षी हिटलर सत्तेवर आला. पुढे हार्बू आणि तेंडुलकर यांनी लग्न केले, पण गुपचूप. कारण नाझी राजवटीत एका नामांकित जर्मन बाईने सावळ्या हिंदी माणसाशी उघड लग्न करणे शक्यच नव्हते.

या ठिकाणी थोडे थांबले पाहिजे. नाझी स्वतःला आर्य म्हणवत होते. स्वस्तिक मिरवत होते. आपल्याकडेही पुण्यामुंबईच्या काही विद्वानांना आपण आणि जर्मन एकाच आर्य रक्ताचे आहोत याचा अभिमान वाटत होता. पण आर्यत्वाच्या त्या माहेरघरी आर्यावर्तातून आलेल्या माणसाला लग्नाचा दाखला मिळत नव्हता. इथे जो स्पृश्य तो तिथे अस्पृश्य. वंशाच्या श्रेष्ठत्वाची शिडी अशीच असते. तिच्या वरच्या पायरीवर बसलेला माणूस देश बदलला की तळाशी येतो. बाबासाहेबांनी 'शूद्र पूर्वी कोण होते?' (१९४६) मध्ये आर्य वंशाचा सिद्धांत साफ फेटाळला. तो फेटाळण्याची गरज कोणाला वाटली आणि कोणाला वाटली नाही, हे पाहण्यासारखे आहे.

हार्बू मात्र नाझी पक्षाच्या सभासद झाल्या आणि त्या राजवटीत चित्रपट लिहीत राहिल्या. जर्मनीतल्या हिंदी लोकांना मदत करता यावी म्हणून आपण पक्षात गेलो, असे त्यांनी नंतर सांगितले. त्या मदतीत काही सत्य असेलही. बाईंचे भारतावरचे प्रेम खोटे होते असे म्हणवत नाही. त्या प्रेमाची त्यांनी वैयक्तिक किंमतही मोजली. पण भारतावर प्रेम करणे आणि अस्पृश्यतेचा तिटकारा असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. आपल्याच शहरात आपल्याच शेजाऱ्यांच्या छातीवर पिवळी चांदणी शिवली जात असताना त्यांची लेखणी थांबली नाही. तेंडुलकर महायुद्धाच्या तोंडावर मायदेशी परतले, ब्रिटिशांच्या तुरुंगात गेले, आणि १९४५ मध्ये सेवाग्रामला गांधीजींच्या संमतीने त्यांचा इंदुमती गुणाजी यांच्याशी विवाह झाला. त्यांच्या कन्या लक्ष्मी तेंडुलकर ढौल यांनी २०१३ साली इंग्रजीत या तिघांची कहाणी लिहिली. हार्बू १९५४ मध्ये बर्लिनमध्ये वारल्या.

आणि ज्याने हे थडगे पडद्यावर उभे केले त्या जो मेचे काय झाले? तो ज्यू होता. ज्या देशाला त्याने सर्वांत भव्य चित्रपट दिले त्या देशातून त्याला परागंदा व्हावे लागले. अमेरिकेत थोडे चित्रपट मिळाले, मग तेही बंद झाले. शेवटी नवराबायकोने लॉस एंजेलिसमध्ये एक उपाहारगृह काढून पाहिले, तेही चालले नाही. 'भारतीय थडगे'मध्ये रोलँडच्या वाग्दत्त वधूचे काम करणारी मिया मे हीच ती बायको. जो मेसुद्धा १९५४ मध्येच, हार्बूंच्या वर्षीच वारला. कॉनराड फाइट आपल्या ज्यू पत्नीला घेऊन १९३३ मध्ये जर्मनीबाहेर पडला आणि पुढे हॉलिवूडमध्ये नाझी अधिकाऱ्यांच्या भूमिका करीत राहिला. १९२१ मध्ये ज्या मंडळींनी कुष्ठरोग्यांचा कोंडवाडा नेपथ्य म्हणून उभा केला होता, त्यांतल्या काहींना बारा वर्षांत खऱ्या कोंडवाड्यापासून जीव वाचवून पळावे लागले. झिगफ्रिड क्राकाउअर या ज्यू समीक्षकाने १९४७ मध्ये ग्रंथ लिहून जर्मन मूकपटांतल्या भयात पुढच्या हुकूमशाहीची चाहूल शोधली. त्याचे सगळेच निष्कर्ष मला पटत नाहीत, एका समाजाचे भवितव्य चित्रपटांतून इतके सरळ वाचता येत नाही. पण प्रश्न त्याने योग्य विचारला होता.

'प्रेमसंन्यास'वाल्या फ्रान्झ ऑस्टेनची वाट वेगळी. हिमांशु रॉय आणि देविका राणी यांनी १९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज काढली तेव्हा ऑस्टेन आणि विर्शिंग तिथे नोकरीला आले. १९३६ मध्ये ऑस्टेनने 'अछूत कन्या' दिग्दर्शित केला. त्याच वर्षी तो नाझी पक्षाचा सभासद झाला. आणि त्याच वर्षी बाबासाहेबांचे, लाहोरच्या जातपात तोडक मंडळाला न पेललेले भाषण 'जातिप्रथेचे निर्मूलन' पुस्तकरूपाने बाहेर आले. या तीन गोष्टी एका वर्षात घडल्या हा योगायोग आहे, पण बोलका आहे. एका बाजूला वंशशुद्धीच्या पक्षाचा सभासद अस्पृश्य मुलीची करुण कथा सांगतो आणि वाहवा मिळवतो. दुसऱ्या बाजूला जातीच्या मुळावर घाव घालणाऱ्या माणसाला व्यासपीठ नाकारले जाते.

'अछूत कन्या'ची कस्तुरी रेल्वे फाटकावरच्या दुखियाची मुलगी. दुखियाने मोहन या ब्राह्मण दुकानदाराला सर्पदंशातून वाचवलेले असते, त्यातून दोन घरांची मैत्री. मोहनचा मुलगा प्रताप आणि कस्तुरी यांचे प्रेम जुळते. लग्न अर्थात होत नाही. शेवटी फाटकावर मारामारी चालली असताना धडधडत येणारी आगगाडी थांबवण्यासाठी कस्तुरी धावते आणि चाकाखाली जाते. रात्रीच्या काळोखात त्या फाटकापाशी तिची समाधी दाखवली आहे आणि कथा तिथूनच सांगितली जाते. पुन्हा थडगे! एश्नापूरच्या राणीला कबर मिळते ती मेल्यावर. फाटकवाल्याच्या मुलीला मान मिळतो तोही मेल्यावर. जिवंत कस्तुरीला जागा नव्हती, मेलेल्या कस्तुरीपुढे प्रवासी हात जोडतात. गोंदियासारख्या जंक्शनच्या गावात वाढलेल्या माणसाने अशी फाटके आणि फाटकापलीकडच्या चाळी खूप पाहिल्या आहेत. तिथल्या मुली आता शिकतात, नोकरीला जातात. त्यांना समाधी नको आहे.

विर्शिंगच्या छायाचित्रणाबद्दल बोलल्याशिवाय पुढे जाता येत नाही. सावलीचा जो संस्कार तो म्युनिकहून घेऊन आला, तोच बॉम्बे टॉकीजच्या 'महल' (१९४९) या भुताटकीच्या चित्रपटात दिसतो. हिंदी भयपटातली झुलणारी दिवटी, जिन्यावरची सावली, बंद हवेली ही सगळी वतनदारी थेट तिकडून आली आहे. महालातच भूत असते, हा संकेतही बरोबर आला. झोपडीत भूत असू शकते हे त्या सावल्यांना माहीत नव्हते.

ते एका मराठी माणसाला माहीत होते. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी १९२५ मध्ये, म्हणजे 'प्रेमसंन्यास'च्याच वर्षी, 'सावकारी पाश' काढला. कथा नारायण हरी आपटे यांची. कर्जात बुडालेला शेतकरी, त्याच्या हातून गेलेली जमीन, आणि शहरात गिरणीच्या दाराशी उभे राहणे. तरुण शेतकऱ्याचे काम व्ही. शांताराम यांनी केले होते. ज्यांनी तो पाहिला त्यांतल्या जे. बी. एच. वाडिया यांच्या आठवणीत एक दृश्य पक्के बसले होते. रात्रीची वेळ, अंधूक उजेडात एक भकास झोपडी, आणि विव्हळणारे कुत्रे. त्यात ना योगी, ना शाप, ना वाघ. घाबरायला लावणारी वस्तू म्हणजे एक कागद, ज्याच्यावर अंगठा उमटलेला आहे.

'भारतीय थडगे'चे दोन्ही भाग आज स्वच्छ करून, संगीत जोडून कोणालाही घरबसल्या पाहता येतात. जर्मनीत १९३८ मध्ये त्याची बोलपटात पुनरावृत्ती झाली, आणि १९५९ मध्ये म्हाताऱ्या फ्रित्झ लांगने उदयपूरला येऊन तो तिसऱ्यांदा केला. 'सावकारी पाश' स्वतः पेंटरांनी १९३६ मध्ये बोलपट म्हणून पुन्हा काढला. पण १९२५ चा तो मूकपट, ती झोपडी, ते कुत्रे, यांतले काहीही शिल्लक राहिलेले नाही.